ज्याँ गाबँ बघायचाय? मग असा बघा

जुन्या फ्रेंच सिनेमातला हा मोठा नट. आधी नाव. जीन गॅबिन नाही हो, ज्याँ गाबँ. शेवटचा 'न' नाकातच ठेवायचा, बाहेर येऊ द्यायचा नाही. आणि गंमत म्हणजे हे त्याचं खरं आडनावच नाही. खरं नाव ज्याँ-अलेक्सी मोंकोर्झे, जन्म पॅरिसचा, १७ मे १९०४. गाबँ हे वडिलांनी स्टेजसाठी घेतलेलं नाव, आईवडील दोघंही गाण्याबजावण्याच्या कार्यक्रमांत काम करायचे, आणि पोराला त्या धंद्यात अजिबात जायचं नव्हतं. ते पुढे सांगतो, कारण त्याचा एका पिक्चरशी फार जवळचा संबंध आहे.

हे लिहायचं कारण असं की जुने फ्रेंच पिक्चर बघायला सुरुवात करणारे बरेच जण गाबँपाशी येऊन अडकतात. सगळीकडे वाचलेलं असतं की हा फ्रेंच सिनेमाचा बाप माणूस, मग कुठूनतरी १९३० च्या दशकातला एखादा पिक्चर मिळवून लावतात, अर्ध्या तासात मोबाइल बाहेर येतो, आणि 'ठीक आहे, क्लासिक असेल बुवा' म्हणून विषय संपतो. माझंही तेच झालं होतं. कॉलेजमध्ये असताना एका मित्राच्या आग्रहानं 'ल झूर स लेव' बघायला बसलो आणि सरळ झोपलो. पिक्चर १९३९ चा, नावाचा अर्थ 'दिवस उजाडतो', माझा उजाडला तेव्हा पडद्यावर द एंड झालेलं होतं. त्यानंतर सात-आठ वर्षं मी या माणसाच्या वाटेला गेलो नाही. चूक पिक्चरची नव्हती, क्रमाची होती.

तर माझं म्हणणं एवढंच की गाबँ वर्षवारीनं बघू नका. आधी म्हातारा होऊ घातलेला गाबँ बघा, मग मागे जाऊन तरुण बघा, मग परत पुढे या. कारण हा माणूस पडद्यावर 'करत' काहीच नाही असं वाटतं, आणि हे काहीच न करणं वाचायची सवय पन्नाशीतल्या गाबँकडून पटकन लागते, तिशीतल्याकडून लागत नाही. तिशीतल्याच्या आजूबाजूला धुकं, संगीत, सुंदर बाई, नशीब वगैरे इतकं काही चालू असतं की मधला माणूस दिसतच नाही.

सुरुवात 'तुशे पा ओ ग्रिझ्बी' पासून करा. १९५४, दिग्दर्शक जाक बेकेर. ग्रिझ्बी म्हणजे गुंडांच्या बोलीत माल, पैसा, म्हणजे नावाचा अर्थ झाला 'मालाला हात लावू नका'. मॅक्स नावाचा एक वयस्कर गँगस्टर, ऑर्ली विमानतळावरून सोनं उडवलेलं आहे, आता रिटायर व्हायचंय, पण रितों नावाचा जुना जोडीदार तोंड उघडून बसतो एका पोरीपाशी (ती पोरगी म्हणजे ज्यान मोरो, अजून स्टार व्हायची होती) आणि मग सगळं फिसकटत जातं. गोष्ट म्हणाल तर एवढीच.

पण एक सीन आहे. मॅक्स रितोंला रात्री आपल्या गुप्त फ्लॅटवर घेऊन येतो. तुम्हाला वाटतं आता प्लॅनिंग होणार, पिस्तुलं निघणार. तर हा काय करतो, कपाट उघडतो, चहाबरोबर खातो ना आपण तसले टोस्ट काढतो, त्यावर लावायला मांसाचं घट्ट वाटण, वाइनची बाटली, दोन ग्लास, आणि दोघं म्हातारे टेबलापाशी बसून कुरुमकुरुम खातात. खाता खाता मॅक्स त्याला समजावतो की बाबा रे, आपलं वय झालं. मग त्याला पायजमा देतो, टॉवेल देतो, टूथब्रश देतो. मग दोघं दात घासतात. रितों आरशात स्वतःच्या डोळ्यांखालच्या पिशव्या चाचपून बघतो. बस. गँगस्टर पिक्चरमध्ये गँगस्टर दात घासतायत, आणि तुम्ही नजर हलवू शकत नाही.

हा सीन दोनदा बघा, ही या गाइडमधली सगळ्यात महत्त्वाची सूचना समजा. पहिल्यांदा सबटायटल्स वाचत, दुसऱ्यांदा सबटायटल्स बंद करून, फक्त हात बघायचे. चमचा कसा धरतो, बूच कसं काढतो, घास तोंडात असताना कधी बोलतो. घरात एकटा राहणारा नीटनेटका पुरुष कसा असतो ते सगळं त्या हातांत आहे. एकदा हे दिसायला लागलं की मग गाबँचा कुठलाही पिक्चर लावा, तुम्ही हातांकडेच बघणार.

याच पिक्चरमध्ये लिनो व्हेन्तुरा पहिल्यांदा पडद्यावर आला, तो आधी कुस्ती खेळायचा, अभिनयाचा अनुभव शून्य, आणि गाबँसमोर उभा राहून जराही दबत नाही. पुढे फ्रान्समधला मोठा स्टार झाला. आणि एक सूचना आधीच देऊन ठेवतो, या पिक्चरमध्ये गाबँ थपडा मारतो, बायकांनासुद्धा, आणि ते बघताना त्रास होतो. त्या काळच्या फ्रेंच गँगस्टर पिक्चरमध्ये हे सर्रास होतं, मला ते आजही खटकतं, तुम्हालाही खटकेल, खटकू द्या.

आता मागे जायचं. पण लगेच धुक्यात शिरायचं नाही, आधी रेल्वे.

वर म्हटलं ना पोराला नाटकसिनेमात जायचं नव्हतं. गाबँ वाढला मेरिएल नावाच्या गावात, पॅरिसच्या उत्तरेला, घराजवळूनच रेल्वेलाइन जायची, आणि त्याला व्हायचं होतं इंजिन ड्रायव्हर. शाळेत मन रमलं नाही, लवकर सोडली, मिळेल ती अंगमेहनतीची कामं केली. शेवटी वडिलांनीच धरून फोली बेर्जेर या पॅरिसच्या प्रसिद्ध म्युझिक हॉलमध्ये चिकटवलं, तेव्हा अठरा-एकोणीस वर्षांचा असेल. तिथून नौदलातली सक्तीची नोकरी, मग परत स्टेज, गाणी, नाच, १९२८ मध्ये मुलँ रूजमध्ये मिस्तँगेत या म्युझिक हॉलच्या तेव्हाच्या राणीबरोबर काम. म्हणजे हा जो पुढे सगळ्यात 'साधा' नट म्हणून ओळखला गेला तो मुळात टोपी फिरवत गाणारा पोरगा. पहिला बोलपट १९३० चा, 'शाकँ सा शाँस', त्याच्यात त्याची तेव्हाची बायको गाबी बासे पण आहे. बघायची गरज नाही.

तर इंजिन ड्रायव्हर व्हायचं राहून गेलं, आणि १९३८ मध्ये दिग्दर्शक ज्याँ रन्वारनं फ्रेंच लेखक झोलाच्या कादंबरीवरून 'ला बेत युमेन' केला, 'माणसातलं जनावर', त्यात गाबँला भूमिका मिळाली इंजिन ड्रायव्हरची. त्यानं खरोखर इंजिन चालवायला शिकून घेतलं. पिक्चरची सुरुवात म्हणजे पॅरिसकडून ल आव्हरकडे धावणारी गाडी, चार-पाच मिनिटं एक शब्द नाही, कोळशाची भट्टी, वाफ, बोगदा, आणि ड्रायव्हर आणि फायरमन हातवाऱ्यांनी एकमेकांशी बोलतायत कारण आवाजात ऐकूच येणार नाही. फायरमन म्हणजे कारेत, फार गोड नट. इथे परत हात बघा. चाळिशीकडे झुकलेला एक माणूस लहानपणचं स्वप्न जगतोय, आणि पडद्यावर मात्र चेहरा एकदम कामावरचा, जणू रोजचंच आहे. मला हा त्याचा सगळ्यात सुखी सीन वाटतो आणि पिक्चर मात्र भयंकर दुःखी आहे.

यानंतर 'पेपे ल मोको', १९३७, दिग्दर्शक ज्युलियँ द्युव्हिव्हिए. अल्जिअर्सच्या कसबा वस्तीत लपलेला पॅरिसचा चोर. कसब्यात आहे तोवर पोलीस त्याला हात लावू शकत नाहीत आणि तो बाहेर पडू शकत नाही, म्हणजे राजा पण तोच आणि कैदी पण तोच. कसबा बराचसा स्टुडिओत उभा केलेला आहे, ते कळतं, आणि अल्जेरियन माणसं ज्या पद्धतीनं दाखवलीत ते आज वाचून-समजून बघायला लागतं, वसाहतीचा काळ आहे, गोऱ्या माणसासाठी बाकी सगळे म्हणजे देखावा. तरी दोन सीन सोडू नका. एक, पेपे आणि पॅरिसहून आलेली बाई गाबी एकमेकांना पॅरिसमधल्या जागांची नावं सांगत राहतात, प्रेमाचा शब्द नाही, नुसती ठिकाणं, आणि दोघं एकाच वेळी एकाच चौकाच्या नावावर येतात, प्लास ब्लाँश. परगावी आपल्या गावचा कोणी भेटल्यावर आपण काय करतो, 'कुठे राहता? मारुतीच्या देवळाजवळ का?' तेच. दुसरा, फ्रेएल नावाची गायिका, खरोखरच एकेकाळची स्टार, आता जाड झालेली, स्वतःच्या तरुणपणीच्या फोटोसमोर बसून ग्रामोफोनवर लागलेल्या गाण्याबरोबर गाते. गाबँ बाजूला बसून फक्त ऐकतो. ऐकणारा गाबँ हा बोलणाऱ्या गाबँपेक्षा भारी असतो, हे इथे लिहून ठेवा. हॉलीवूडनं लगेच दुसऱ्या वर्षी याचा रिमेक केला, शार्ल ब्वाये आणि हेडी लामारला घेऊन, तो बघायची घाई नाही.

मग 'ला ग्रांद इल्युझिओं'. १९३७, परत रन्वार. पहिल्या महायुद्धातले जर्मनांच्या कैदेतले फ्रेंच अधिकारी. यावर इतकं लिहून झालंय की मी फक्त गाबँपुरतं सांगतो. तो मारेशाल, साधा कामगार घरातला अधिकारी, आजूबाजूला सरदार घराण्यातले, श्रीमंत, शिकलेले. अंगावरचा वैमानिकाचा कोट रन्वारचा स्वतःचा, पहिल्या युद्धातला. एकांतकोठडीचा सीन शोधा, दिवसेंदिवस बोलायला माणूस नाही, तो फुटतो, ओरडतो, आणि एक म्हातारा जर्मन पहारेकरी काय करावं न सुचून त्याच्याशेजारी माउथऑर्गन ठेवून निघून जातो. ऑस्करच्या बेस्ट पिक्चरच्या यादीत गेलेला हा पहिला परभाषिक पिक्चर. नाझींनी बंदी घातली, मूळ निगेटिव्ह पॅरिसहून बर्लिनला गेली, तिथून मॉस्कोला, आणि फिरत फिरत शेवटी फ्रान्समध्येच तुलूझला येऊन पडली, लोकांना कित्येक वर्षं पत्ताच नव्हता की हीच ती. एवढा प्रवास तर पिक्चरमधल्या कैद्यांनीसुद्धा केला नसेल.

वाटेत 'ले बा-फों' आला तर बघा, गॉर्कीच्या नाटकावरचा रन्वारचा, १९३६. आपल्याकडे चेतन आनंदच्या 'नीचा नगर' मागे हेच नाटक आहे, दोन्ही लागोपाठ बघायला मजा येते. गाबँ आणि लुई जुव्हे नदीकाठी गवतात लोळत गप्पा मारतात तेवढ्यासाठी तरी.

आणि आता, आत्ता कुठे, धुकं. 'ल के दे ब्र्युम', १९३८, मार्सेल कार्ने दिग्दर्शक, संवाद कवी जाक प्रेव्हेरचे. सैन्यातून पळालेला माणूस ल आव्हर बंदरात येतो, एक मुलगी भेटते, रेनकोट आणि तिरकी बेरे टोपी, मिशेल मोर्गाँ, शूटिंगच्या वेळी सतरा वर्षांची. इथला एक डायलॉग फ्रान्समध्ये लहान पोराला पण पाठ असतो, 'तुझे डोळे छान आहेत, माहितीये ना'. कागदावर वाचाल तर रस्त्यावरचा छपरी डायलॉग आहे. गाबँ तो असा टाकतो की जणू चुकून निघून गेला तोंडातून. सबटायटलवर भरवसा ठेवू नका इथे, आवाज ऐका.

मग 'ल झूर स लेव'. माझी झोपेची गोळी. ही शेवटी ठेवा या गटात. एक कामगार, कारखान्यात वाळूच्या फवाऱ्यानं धातू साफ करणारा, सुरुवातीलाच खून करतो, इमारतीतल्या सगळ्यात वरच्या खोलीत स्वतःला कोंडून घेतो, आणि रात्रभर आठवत बसतो की हे झालं कसं. काडेपेटी नाही म्हणून एका सिगरेटवर दुसरी पेटवत राहतो, विझली तर संपलं. फ्लॅशबॅक तेव्हा लोकांना नवीन होतं, सुरुवातीला पाटी टाकून समजावून सांगितलंय. हॉलीवूडनं १९४७ मध्ये हेन्री फोंडाला घेऊन रिमेक केला आणि मूळ पिक्चरच्या प्रिंट नष्ट करायचा घाट घातला, कसाबसा वाचला. खिडकीतून खालच्या गर्दीवर तो ओरडतो तो सीन आला की थांबा आणि विचार करा, हा माणूस आत्तापर्यंत किती हळू बोलत होता.

गाबँच्या रागाबद्दल एक दंतकथा आहे, की कॉन्ट्रॅक्टमध्येच लिहून घ्यायचा, पिक्चरमध्ये एकदा तरी मी भडकणार. खरं असो नसो, बघताना हा खेळ खेळायला छान आहे, भडका कधी उडतो ते ओळखायचं. आणि दुसरा खेळ, मरतो की नाही. १९३५ ते १९३९ मध्ये 'ला बांदेरा', 'पेपे', 'ल के', 'ला बेत', 'ल झूर', पाचही पिक्चरमध्ये मेलाय, गोळी, सुरी, चालत्या गाडीतून उडी, सगळे प्रकार. (हे स्पॉयलर आहेत मान्य, पण त्या काळातला फ्रेंच प्रेक्षक थिएटरात शिरतानाच हे धरून चालायचा.)

थोडं थांबून, काही फुटकळ सूचना. इंग्रजीत डब केलेलं अजिबात बघू नका, त्याचा पॅरिसच्या कष्टकरी वस्तीतला हेल हाच अर्धा अभिनय आहे, भाषा कळली नाही तरी कानाला कळतो. शक्यतो रिस्टोअर केलेली कॉपी शोधा, यूट्यूबवरच्या धुरकट कॉपीत डोळे दिसत नाहीत आणि फिकट डोळे हे त्याचं निम्मं भांडवल. पुण्या-मुंबईत असाल तर आलियाँस फ्राँसेझच्या आणि फिल्म सोसायट्यांच्या कार्यक्रमांवर नजर ठेवा, मोठ्या पडद्यावर एक जरी मिळाला तरी पुढचं सोपं जातं. आणि एका आठवड्यात दोनपेक्षा जास्त नको, सगळे मरतायत म्हणून आपल्यालाच उदास व्हायला होतं.

आता मधली रिकामी जागा. इथे पिक्चर लावायचा नाही, गोष्ट माहीत करून घ्यायची, कारण पुढचा सगळा गाबँ यातून आलाय.

१९४० ला फ्रान्स पडला. जर्मनांच्या हाताखाली पिक्चर करायचे नाहीत म्हणून १९४१ मध्ये गाबँ अमेरिकेला गेला. हॉलीवूडमध्ये दोन पिक्चर केले, 'मूनटाइड' आणि 'द इम्पोस्टर', दोन्हींत पाण्याबाहेरच्या माशासारखा दिसतो. मार्लेन डिट्रिश या जर्मन नटीबरोबरचं प्रकरण याच काळातलं. त्याला तिथे करमेना, आणि १९४३ मध्ये तो जर्मनांशी लढणाऱ्या द गोलच्या फ्री फ्रेंच सैन्यात दाखल झाला. देशातला सगळ्यात मोठा स्टार, वय चाळिशीला टेकलेलं, कुठेतरी सभा घेऊन, फोटो काढून भागलं असतं. हा तेलवाहू जहाजावरून अटलांटिक ओलांडून अल्जिअर्सला पोचला, पेपेच्या खऱ्या गावात, आणि पुढे जनरल लक्लेर्कच्या दुसऱ्या चिलखती डिव्हिजनमध्ये नौसैनिकांच्या रणगाडा रेजिमेंटमध्ये रणगाड्याचा प्रमुख झाला. रणगाड्याचं नाव 'सुफ्लर २'. रुआयाँची लढाई, मग जर्मनीत थेट बर्ख्टेसगाडेनपर्यंत, म्हणजे हिटलरच्या डोंगरातल्या मुक्कामापर्यंत. पदकं मिळाली. परत आला तेव्हा केस पांढरे.

तो पांढऱ्या केसांचा माणूस प्रेक्षकांना नको होता. त्यांना पेपे हवा होता. १९४६ मध्ये डिट्रिशला घेऊन 'मार्तँ रुमान्याक' केला, आपटला. त्याच वर्षी कार्नेच्या 'ले पोर्त द ला न्वी' मधून दोघंही बाहेर पडले, तो रोल गेला इव्ह मोंताँ नावाच्या नवख्या पोराकडे. १९४९ मध्ये दोमिनिक फूर्निएशी लग्न केलं, तीन मुलं झाली, संसार थाऱ्याला लागला, पण करिअर सात-आठ वर्षं अशीच रखडलेली. वाईट पिक्चर होते असं नाही, रने क्लेमाँबरोबरच्या पिक्चरला ऑस्कर मिळालं, १९५१ मध्ये व्हेनिसला त्याला स्वतःला अभिनयाचं बक्षीस मिळालं, पण लोक येईनात. हा भाग तुम्ही बिनधास्त सोडा.

आणि मग १९५४ चा 'ग्रिझ्बी'. आता तो परत लावा. हो, परत. पहिल्यांदा बघताना तुम्हाला म्हातारा गुंड दात घासताना दिसला होता, आता टेबलापाशी बसलेल्या त्या मित्राला तो 'आपलं वय झालं' म्हणतो तेव्हा कोण कुणाला काय म्हणतंय ते वेगळंच ऐकू येईल. याच वर्षी व्हेनिसला दुसऱ्यांदा बक्षीस.

यानंतर मात्र धबधबा. वर्षाला चार-चार पिक्चर. इथे निवडून खायचं, सगळं पोटात घालायचं नाही. एकूण नव्वदच्या वर पिक्चर आहेत त्याचे आणि शेवटच्या वीस वर्षांतले बरेच असे की गाबँ येतो, ओरडतो, कमरेवर हात ठेवून लोकांना सुनावतो, जातो. तेव्हाची सिनेमावाली नवी पोरं, त्रुफो वगैरे कंपनी, या सगळ्या 'प्रतिष्ठित' सिनेमावर तुटून पडली होती, आणि खरं सांगू, बऱ्याच बाबतीत त्यांचं बरोबर होतं. मिशेल ओदियार हा संवादलेखक त्याला असे टाळ्याखाऊ डायलॉग लिहून द्यायचा की फ्रेंच लोक आजही ते घोकतात, आपल्याला सबटायटलमधून त्यातलं चार आणे पोचतं.

तरी हे बघाच. 'ला त्राव्हेर्से द पारी', १९५६. जर्मन ताब्यातलं पॅरिस, काळ्याबाजारातल्या डुकराचं मटण चार सुटकेसमध्ये भरून रात्रीत शहराच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला न्यायचं, पायी, संचारबंदीत, आणि वासानं कुत्री मागे लागलेली. बरोबर बूर्व्हिल, घाबरट साधा माणूस, आणि किराणा दुकानदार म्हणून लुई द फ्युनेस, अजून मोठा कॉमेडियन व्हायचा होता. तळघरात गाबँ दुकानदाराला पैशासाठी कसा पिळतो बघा, त्याचं नाव आणि पत्ता मोठमोठ्यानं ओरडत रक्कम वाढवत नेतो, 'जाँबिए! जाँबिए!', आणि द फ्युनेस बिचारा वर रस्त्यावर ऐकू जाईल म्हणून थरथरतोय. त्या वर्षीचं व्हेनिसचं बक्षीस मात्र बूर्व्हिलनं मारलं, आणि योग्य मारलं. पोटभर हसाल, शेवटाला घशाशी येईल.

रहस्यकथा लिहिणाऱ्या सिमेनोंचा इन्स्पेक्टर मेग्रे त्यानं तीनदा केला, पहिला 'मेग्रे ताँ अँ पिएज' (१९५८) पुरे. त्याच वर्षीचा 'ले मिझेराब्ल' मध्ये ज्याँ व्हाल्ज्याँ, लांबलचक आहे, रविवारची दुपार रिकामी असेल तर.

'अँ सँज आन इव्हेर', १९६२, हा माझा लाडका, त्यामुळे तटस्थपणाची अपेक्षा करू नका. नॉर्मंडीच्या किनाऱ्यावरचं छोटं गाव, गाबँ हॉटेलवाला, युद्धात बॉम्ब पडत असताना शपथ घेतलेली की हॉटेल वाचलं तर दारू सोडेन. वाचलं. सोडली. बरीच वर्षं खिशातल्या गोळ्या चघळत बसलाय. आणि एक दिवस एक तरुण पाहुणा येतो, झकास पिणारा, ज्याँ-पॉल बेल्मोंदो. गाबँच्या पात्रानं तरुणपणी नौसैनिक म्हणून चीन पाहिलेला, प्यायला की यांगत्से नदी दिसायची, आता नुसत्या आठवणीत दिसते. हा खरा नौसैनिक होता हे तुम्हाला आता माहितीये. बायको झालेली सुझान फ्लों फक्त डोळ्यांनी सांगते की आज हा पिणार. त्यानंतरची रात्र, दोघंही तर्र, किनाऱ्यावर फटाके, ते मी सांगत नाही.

पुढच्याच वर्षी 'मेलोदी आँ सू-सोल', आलँ दलोंबरोबर, कान या फ्रेंच शहरातला कॅसिनो लुटायची गोष्ट. शेवटची काही मिनिटं बघा, स्विमिंग पूल, एका बाजूला दलों, दुसऱ्या बाजूला गाबँ काळा चष्मा लावून बसलेला, आजूबाजूला पोलीस, दोघांनी एकमेकांना ओळखही दाखवायची नाहीये, आणि पाण्यात जे घडतंय ते दोघं बघतायत. गाबँ काय करतो? बसून राहतो. दुसरा नट असता तर भुवई तरी उडवली असती. दलोंबरोबर आणखी दोन आहेत, 'ल क्लाँ दे सिसिलियँ' (१९६९, व्हेन्तुरा पण आहे आणि संगीत एन्निओ मोरिकोनेचं) आणि १९७३ चा फाशीच्या शिक्षेविरुद्धचा 'द झोम दाँ ला व्हील'. पहिला टाइमपास म्हणून, दुसरा मन घट्ट करून.

या काळातलं आयुष्य बघायचं तर शेत बघायला हवं. सिनेमातून कमावलेला पैसा गाबँ नॉर्मंडीत ओर्न भागात जमीन घेण्यात घालायचा, गायी, शर्यतीचे घोडे, ला पिशोनिएर नावाचं मोठं फार्म. स्वतःला शेतकरी म्हणवून घ्यायला त्याला आवडायचं. आणि जुलै १९६२ मध्ये एका रात्री आजूबाजूचे सुमारे ७०० शेतकरी त्याच्या दारात येऊन उभे राहिले. मुद्दा असा की श्रीमंत माणूस एवढी जमीन घेऊन बसला तर इथल्या तरुण शेतकऱ्यांनी कसायचं काय, थोडी तरी खंडानं द्या. ज्याला आयुष्यभर कामगारांचा, गरिबांचा हिरो म्हटलं त्याच्या दारात कष्टकरी येऊन त्याला जमीनदार म्हणतायत. त्याला हे फार लागलं. मला दोन्ही बाजू कळतात आणि शेतकऱ्यांची जरा जास्त कळते. तो कष्टानं मिळवलेला पैसा होता हे खरं, पण जमीन म्हटली की तेवढं पुरत नाही, हे आपल्याकडे वेगळं सांगायला नको.

शेवटाकडे 'ल शा', मांजर, १९७१, सिमेनोंच्याच कादंबरीवरून. पॅरिसच्या कडेला जुनी घरं पाडून टॉवर उभे राहतायत, त्यातल्या एका उरलेल्या घरात एक म्हातारं जोडपं, एकमेकांशी बोलत नाही. तो मांजरावर प्रेम करतो, तिच्यावर नाही. ती म्हणजे सिमोन सिन्योरे. दोघांनाही बर्लिनला बक्षीस मिळालं. हा एकट्यानं बघू नका, आणि नवराबायकोनं मिळून पण बघू नका, मित्राबरोबर बघा. इथे हात परत येतात, स्वयंपाकघरात दोघं आपापलं जेवण वेगळं बनवतात, आणि 'ग्रिझ्बी' मधलं ते टोस्टचं टेबल आठवून पोटात खड्डा पडतो.

एप्रिल १९७६ मध्ये पहिला सेझार पुरस्कार (फ्रेंच सिनेमाचे) सोहळा झाला, अध्यक्ष गाबँ. त्याच वर्षी १५ नोव्हेंबरला गेला. कबर शोधायला जाऊ नका, नाहीये. नौदलाच्या जहाजावरून ब्रेस्टजवळच्या समुद्रात रक्षा सोडली, त्याचीच इच्छा. म्युझियम मेरिएलला आहे, त्या रेल्वेलाइनच्या गावात, पॅरिसला गेलात तर अर्ध्या दिवसात होण्यासारखं.

म्हणून माझ्या यादीत शेवटचा पिक्चर १९७६ चा नाही. १९७६ चा म्हणजे 'लाने सँत', चोर पाद्र्यांच्या वेशात, नाही बघितला तरी चालेल. शेवटी लावा 'रमोर्क', ज्याँ ग्रेमियोंचा, ब्रेस्ट बंदरातल्या टगबोटीचा कप्तान, बरोबर परत मिशेल मोर्गाँ. १९३९ च्या उन्हाळ्यात शूटिंग सुरू झालं, युद्ध लागलं, थांबलं, कसंबसं पुरं झालं, आणि १९४१ मध्ये थिएटरात आला तेव्हा गाबँ अमेरिकेत होता. वादळातली जहाजं टबातल्या खेळण्यांसारखी दिसतात, तेवढं हसून घ्या सुरुवातीलाच, कारण शेवटी तो पावसातून धक्क्याकडे चालत जातो आणि वाऱ्याच्या आवाजात मेलेल्यांसाठीची प्रार्थना ऐकू यायला लागते, तेव्हा हसायचं राहून जातं. आवाज जरा वाढवून ठेवा, जुन्या कॉपीत ती प्रार्थना फार बारीक ऐकू येते.